जिलेटिनची जखम आणि सोलापूरचं ऊन

प्रश्न : 'द ह्यूमन सेंटिपीड २' या कृष्णधवल भयपटावर ब्रिटनमध्ये बंदी होती, मग तो प्रदर्शित कसा झाला? आम्हीही तसाच कृष्णधवल लघुपट करतोय, पण मेकअपमध्ये जिलेटिनची बनवलेली खोटी जखम दुपारी ओघळते.
– वाचक, जुळे सोलापूर

उत्तर : जून २०११ मध्ये तिथल्या सेन्सॉरने प्रमाणपत्र नाकारलं. ऑक्टोबरात ३२ ठिकाणी कात्री लावून, २ मिनिटं ३७ सेकंद वगळून फक्त प्रौढांसाठी मंजुरी दिली.

जिलेटिन पस्तिशीच्या आसपास वितळू लागतं, आणि एप्रिलात सोलापूरचा पारा सहज चाळिशी ओलांडतो. त्यात घाम कडेखाली शिरला की जखम सालीसारखी सुटते. सिलिकॉन वापरा, कडा कागदासारख्या पातळ ठेवा. जिलेटिनच हवं असेल तर चित्रीकरण सकाळी नऊच्या आत उरका. रक्तासाठी लाल रंग कशाला? कृष्णधवलमध्ये चॉकलेट सिरपच जास्त गडद, दाट दिसतं. फक्त मुंग्या सांभाळा.