हीटर कधी लावला नाही, तरी त्याची नळी गळते

वाचकांचे प्रश्न : जुनी गाडी

प्रश्न : माझ्याकडे १९९९ सालची मारुती झेन आहे. मी दिवाडला राहतो आणि रोज फेरीबोटीने रायबंदरला उतरून पणजीला कामाला जातो. गेल्या महिन्यापासून संध्याकाळी परतताना फेरीबोटीत गाडी चढवून इंजिन बंद केले की तीन-चार मिनिटांत बॉनेटच्या मागच्या बाजूखाली हिरवट थेंब पडू लागतात. गाडी चालू असताना किंवा सकाळी अंगणात मात्र काहीच दिसत नाही. कूलंटच्या टाकीतली पातळी आठवड्याला दोन बोटे उतरते. गॅरेजवाल्याने हीटरच्या नळ्या गेल्या आहेत असे सांगितले आणि "गोव्यात हीटर लागतो कोणाला? तो काढून नळी परत इंजिनलाच जोडून देतो," असे सुचवले. मी तर गाडी घेतल्यापासून हीटर एकदाही लावलेला नाही. जी वस्तू वापरलीच नाही ती खराब कशी झाली, आणि हा सल्ला मानावा का?
— एक वाचक, दिवाड

उत्तर : आपल्या पत्रातला सर्वांत उपयोगी तपशील फेरीबोटीचा आहे, म्हणून तेथूनच सुरुवात करतो. इंजिन बंद झाले की वॉटर पंप थांबतो आणि कूलंटचे, म्हणजे इंजिन थंड ठेवणाऱ्या द्रवाचे, फिरणेही थांबते. पण सिलिंडरभोवतीच्या धातूत साठलेली उष्णता कोठे जात नाही, ती जागच्या जागी उभ्या राहिलेल्या कूलंटमध्ये उतरत राहते. त्यामुळे इंजिन बंद केल्यानंतरच्या पहिल्या काही मिनिटांत कूलंटचे तापमान आणि दाब चालत्या गाडीपेक्षाही वर जातात, आणि एरवी मिटून असलेली भेग नेमकी तेव्हा पाझरते. गाडी धावत असताना थोडे पाझरले तरी गरम धातूवर आणि वाऱ्यात ते जमिनीवर पडण्याआधीच सुकते. सकाळपर्यंत दाब उतरलेला असतो, म्हणून अंगण कोरडे. फेरीबोटीवर आपण इंजिन बंद करून गाडीपाशीच उभे राहता म्हणून हे थेंब दिसले; घरी गाडी लावून आपण लगेच आत जातो.

आता 'वापरलीच नाही' या मुद्द्याकडे वळू. हीटरला स्वतःची शेगडी नसते. डॅशबोर्डच्या मागे एक छोटा रेडिएटर बसवलेला असतो, इंजिनचे गरम कूलंट एका नळीने त्यात जाते आणि दुसरीने परत येते. आपण कळ फिरवतो तेव्हा त्या छोट्या रेडिएटरवरून हवा फिरवली जाते, एवढेच. पुष्कळ गाड्यांत कूलंट त्यातून अखंड वाहत असते आणि कळ फक्त हवेची झडप हलवते. काही गाड्यांत वाटेत तारेने चालणारा छोटा कॉक असतो, पण तो बंद असला तरी त्याच्या अलीकडच्या नळीत गरम कूलंट दाबाखाली उभे असतेच. आपल्या गाडीत कोणता प्रकार आहे हे इंजिन तापल्यावर दोन्ही नळ्यांना क्षणभर हात लावून कळते, मात्र त्या वेळी हात पंख्यापासून आणि पट्ट्यापासून दूर ठेवावा. हीटरची कळ 'थंड'वर असतानाही दोन्ही नळ्या चटका देत असतील, तर प्रवाह अखंड आहे. म्हणजे आपण हीटर लावला नाही तरी त्या नळ्या १९९९ पासून इंजिनबरोबर रोज तापल्या आणि रोज निवल्या आहेत. दाबाची कल्पना यावी म्हणून सांगतो : पुष्कळ छोट्या गाड्यांच्या रेडिएटरच्या झाकणावर ०.९ हा आकडा कोरलेला असतो. तो म्हणजे सुमारे १३ पौंड, टायरमध्ये आपण भरतो त्या हवेच्या साधारण निम्म्याच्या जवळपास, आणि तोही ९० अंशांच्या आसपास तापलेल्या द्रवाचा.

या नळ्या ईपीडीएम नावाच्या रबराच्या असतात आणि त्यांच्या पोटात धाग्यांचे विणकाम असते. हे रबर उष्णतेला आणि कूलंटला चांगले टिकते, पण त्याचे दोन शत्रू आहेत. पहिला खनिज तेल : ऑइल गळणाऱ्या इंजिनखालची नळी फुगते आणि लिबलिबीत होते. दुसरा शत्रू दिसत नाही. कूलंट, इंजिनचा धातू आणि रबरातला कार्बन यांच्यात बॅटरीसारखी सूक्ष्म विद्युत-रासायनिक क्रिया चालते आणि नळी आतून, तीही बहुधा टोकांजवळ, बारीक चिरत जाते. चिरा विणकामापर्यंत पोचल्या की कूलंट धाग्यांतून पसरते आणि एके दिवशी नळी फाटते, तोवर बाहेरचा काळा रंग नव्यासारखा असू शकतो. म्हणून नळी नुसती पाहून पास करू नये, दाबून पाहावी. इंजिन पूर्ण थंड असताना आधी नळीचा मध्यभाग चिमटीत दाबा आणि मग क्लिपपासून एक-दोन इंचांवरचा भाग दाबा. टोक मध्यापेक्षा मऊ लागले, आत पोकळी असल्यासारखे बसले किंवा बोटांना बारीक कुरकुर जाणवली, तर ती नळी गेली असे समजावे. उलट सगळीच नळी लाकडासारखी कडक झाली असेल तर तिला उष्णतेने खाल्ले आहे. क्लिपच्या कडेला हिरवट-पांढरी खरपुडी दिसली तर गळतीची जागा तीच. आपल्याकडे त्यात खाऱ्या हवेची भर पडते. नदीकाठच्या आणि समुद्राकाठच्या गाड्यांत रबराआधी क्लिपच गंजून सैल झालेली मी पुष्कळदा पाहिली आहे, त्यामुळे नळी बदलताना जुनी क्लिप परत चढवण्याची काटकसर करू नये.

संशय उरलाच तर गॅरेजमध्ये प्रेशर टेस्ट करून घ्यावी. रेडिएटरच्या झाकणाच्या जागी हातपंप बसवून झाकणावरच्या आकड्याइतका दाब भरतात आणि दहा-पंधरा मिनिटे काटा पाहतात. इंजिन थंड असताना भेग उघडी पडते, हात भाजत नाही.

गॅरेजवाल्याच्या सल्ल्याविषयी. इंजिनकडून निघणारी नळी वळवून परत इंजिनलाच जोडणे ही घाटात किंवा रात्री अडकल्यावर करायची योग्य युक्ती आहे, आणि तो इंजिनची दोन्ही तोंडे बुचाने बंद न करता एकमेकांना जोडायला सांगतो आहे, म्हणजे त्याला काम कळते. पुष्कळ इंजिनांत थर्मोस्टॅट, म्हणजे इंजिन तापल्यावर रेडिएटरकडची वाट उघडणारी झडप, बंद असताना कूलंट फिरायला ही वाट उपयोगी पडते, त्यामुळे बूच मारण्यापेक्षा जोडणे केव्हाही बरे. पण कायमचा उपाय म्हणून मी तो मानणार नाही. जोडायला त्याने जुनाच तुकडा वापरला तर दुखणे तेथेच राहिले. नवीनच नळी आणायची असेल तर मग ती तिच्या मूळ जागीच का बसवू नये? शिवाय इंजिन तापू लागले की हीटर पूर्ण 'गरम'वर ठेवून पंखा जोरात लावणे हा ड्रायव्हरच्या हातातला जादा रेडिएटर असतो. मे महिन्यात चोर्ला घाट चढताना तो नकोसा वाटेल, पण गाडीत नसलेला आणखी नकोसा वाटतो.

नळी बदलण्याचे काम अवघड नाही, जागा अडचणीची आहे. दोन्ही नळ्या आणि चारही क्लिपा एकाच वेळी बदलाव्यात. पुष्कळ जुन्या इंजिनांत इनटेक मॅनिफोल्डला, म्हणजे इंजिनात हवा नेणाऱ्या भागाला, ऊब देणारी एक बोटभर नळी याच फेऱ्यात असते. ती विसरली जाते आणि सहा महिन्यांनी तीच गळते. दुकानात जुनी नळी हातात घेऊन जावे. मूळ वळणाची साच्यातली नळी मिळाली तर तीच घ्यावी, कारण मीटरवर मिळणारी सरळ नळी तीव्र वळणावर मुडपते आणि प्रवाह चिमटला जातो. सरळ नळी घ्यावीच लागली तर आतला व्यास मोजून घ्यावा आणि ती कूलंटसाठीच बनवलेली असावी. पेट्रोलची किंवा बागेची नळी येथे चालत नाही.

इंजिन थंड असताना, म्हणजे शक्यतो सकाळी, झाकण उघडून रेडिएटरखालचा ड्रेन कॉक सोडावा आणि कूलंट पसरट भांड्यात घ्यावे. ते चवीला गोडसर पण विषारी असते, कुत्री-मांजरे चाटतात आणि मरतात, त्यामुळे अंगणात ओतू नये. हीटरच्या वाटेत कॉक असेल तर हीटरची कळ 'गरम'वर ठेवावी. यापुढे कामाची सर्वांत नाजूक पायरी येते. हीटरच्या रेडिएटरमधून पत्र्याबाहेर आलेली दोन तोंडे पातळ धातूची असतात आणि वर्षानुवर्षे चिकटलेली नळी पक्कड लावून पिळली तर तोंडाचा सांधाच सुटतो. मग शंभर-दोनशे रुपयांच्या नळीसाठी सगळा डॅशबोर्ड उतरवावा लागतो. नळी तशीही टाकूनच द्यायची आहे, म्हणून ती ब्लेडने लांबीत चिरून केळ्याच्या सालीसारखी सोलून काढावी. ब्लेड हलके चालवावे, खालच्या धातूवर ओरखडा उठता कामा नये. तोंडावरची खरपुडी बारीक पॉलिश पेपरने घासून बोटाला गुळगुळीत लागेपर्यंत साफ करावी. नवी नळी चढत नसेल तर साबणाचे पाणी लावावे. ग्रीस किंवा इंजिन ऑइल लावले की वर सांगितलेला पहिला शत्रू आपणच घरात घेतला. तोंडाच्या कडेला जो उंचवटा असतो त्याच्या पुढे नळी सरकली पाहिजे आणि क्लिप त्या उंचवट्याच्या मागे, नळीच्या टोकापासून तीन-चार मिलिमीटर आत बसली पाहिजे. नेमकी उंचवट्यावर बसलेली क्लिप कितीही आवळली तरी गळते. स्क्रूची क्लिप रबर तिच्या फटींतून वर येईल इतकी आवळू नये. गाडीत मुळात स्प्रिंगची क्लिप असेल तर तीच नवी घ्यावी, कारण रबर तापून-निवून बदलते तशी ती स्वतःच पकड सांभाळते. स्क्रूची क्लिप मात्र दोन-तीन दिवसांनी, इंजिन थंड असताना, पुन्हा एकदा तपासावी लागते.

भरताना घाई करू नका. गाडीचे नाक चढावर राहील अशी उभी करून हीटर 'गरम'वर ठेवावा, कूलंट सावकाश ओतावे आणि झाकण उघडे ठेवूनच इंजिन चालू करावे. थर्मोस्टॅट उघडला की वरची मोठी नळी तापते, पातळी खाली जाते आणि बुडबुडे येतात. ते थांबेपर्यंत भरत राहावे, मग झाकण लावावे. हीटरमधून गरम हवा आली तर आतली हवा निघाली असे समजा. हीटर एकदाही न लावलेल्या आपल्याला तो निदान त्या दिवशी लावावा लागेल. दुसऱ्या दिवशी फेरीबोटीवर पुन्हा खाली वाकून पाहा.

प्रश्न : पावसाळ्यात माझ्या जुन्या गाडीत पुढच्या डाव्या सीटखालचा गालिचा ओला होतो. मेकॅनिक हीटर गळतो म्हणतो, शेजारी एसीचे पाणी म्हणतात. कोणाचे खरे?
— एक वाचक, मडगाव

उत्तर : आणखी एक तिसरी शक्यता आहे : काचेखालच्या पन्हळीत पाने अडकून पावसाचे पाणी आत उतरणे. तिन्हींचा निवाडा पांढऱ्या टिश्यू पेपरवर होतो. गालिच्यावर तो दाबा. ओल रंगहीन, वासहीन आणि बोटांना साध्या पाण्यासारखी असेल तर ती एसीची किंवा पावसाची. पाऊस नसलेल्या दिवशी एसी लावून गाडी फिरवल्यावर ओल आली आणि बाहेर एसीच्या नळीतून ठिबकत नसेल, तर ती नळी तुंबली आहे. कागदाला रंग आला, बोटांना बुळबुळीत लागले आणि गुळचट वास आला तर मेकॅनिक बरोबर आहे. तेव्हा बहुधा समोरच्या काचेवर आतून, पुसला तरी परत येणारा तेलकट थर धरतो. मात्र त्या परिस्थितीत बाहेरच्या नळ्या बदलून काही साधणार नाही. ओल आत आहे, म्हणजे हीटरचा रेडिएटर किंवा त्याचा आतला सांधा गेला आहे. त्याची दुरुस्ती होईपर्यंत नळी वळवून इंजिनला जोडून गाडी चालवायला हरकत नाही.

प्रश्न : गोव्यात पाणी गोठत नाही. मग महागडे कूलंट कशाला? विहिरीचे स्वच्छ पाणी घातले तर?
— एक वाचक, डिचोली

उत्तर : गोठण्याचा प्रश्न आपल्याकडे नाहीच. प्रश्न गंजाचा आणि उकळण्याचा आहे. विहिरीच्या पाण्यातले क्षार गरम धातूवर साचतात आणि त्यात गंज रोखणारे द्रव्य नसते. हीटरच्या रेडिएटरच्या नळ्या सर्वांत बारीक, त्यामुळे आधी त्याच तुंबतात. कूलंट आणि डिस्टिल्ड वॉटर निम्मे-निम्मे घ्यावे, किंवा तयार मिसळलेले घ्यावे. रंग पाहून दोन वेगळी कूलंट एकत्र करू नयेत, कारण रंगाला कोणतेही ठरलेले मानक नाही.

अडचणीत साधे पाणी घालावे लागते, ते मीही घातले आहे. मोलेच्या पुढे अनमोड घाट चढताना माझ्या गाडीचा तापमानाचा काटा आधी वर गेला आणि मग अचानक खाली आला. मी सुटलो असे समजून आणखी एक किलोमीटर गेलो. प्रत्यक्षात हीटरची नळी फाटून कूलंट संपले होते आणि सेन्सर द्रवाऐवजी वाफेत उभा असल्यामुळे काटा कमी दाखवत होता. काटा असा विनाकारण पडला तर लगेच थांबून इंजिन बंद करावे, झाकणाला पाऊण तास तरी हात लावू नये आणि नंतर पाणी सावकाश ओतावे. घरी पोचल्यावर ते सगळे पाणी काढून आठवड्याच्या आत योग्य कूलंट भरावे.