डीडब्ल्यूजी व्ह्यूअर (ऑटोकॅडसारख्या प्रोग्रामची ड्रॉइंग्ज पाहण्याचे सॉफ्टवेअर) उघडताना ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही’ असा संदेश येतो. काय करावे?

ही डीएलएल, म्हणजे प्रोग्रामना लागणारा तयार कोड असलेली फाइल, व्ह्यूअरची स्वतःची नाही. ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल या पॅकेजमधून येते आणि अनेक प्रोग्राम ती वाटून वापरतात. त्यामुळे दुसरे एखादे सॉफ्टवेअर काढताना हे पॅकेजही काढले गेले, की व्ह्यूअर अडतो.

मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून या पॅकेजची सर्वात नवी एकत्रित आवृत्ती घ्या. विंडोज ६४-बिट असेल तर एक्स६४ (६४-बिट) आणि एक्स८६ (३२-बिट) दोन्ही टाका, कारण व्ह्यूअर ३२-बिट असेल तर त्याला एक्स८६ च लागते. मग संगणक रीस्टार्ट करा. पॅकेज आधीच दिसत असेल तर ‘रिपेअर’ निवडा.

सुटी डीएलएल कुठल्यातरी साइटवरून उतरवून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकू नका, कृपया! व्हायरसचा धोका आहेच. शिवाय ६४-बिट विंडोजमध्ये ३२-बिट प्रोग्रामना लागणाऱ्या सिस्टम फाइली सिसवाउ६४ या फोल्डरमध्ये असतात आणि ६४-बिटच्या सिस्टम३२ मध्ये. नावांवरून उलटेच वाटते, म्हणून गल्लत होते. चुकीच्या प्रकारची फाइल पडली की ०एक्ससी०००००७बी ही एरर येते.

गहाळ फाइल व्ह्यूअरच्याच फोल्डरमधली असेल तर आधी अँटिव्हायरसचे क्वारंटाइन (संशयास्पद फाइली वेगळ्या ठेवण्याची जागा) तपासा, मग व्ह्यूअर पुन्हा इन्स्टॉल करा.