विचारा तर खरं : पातळ धातू आणि काचेचा धागा

या वेळी सेन्सरवर बरेच प्रश्न आलेत, त्यातले लिक्विड मेटल (साध्या तापमानालाही पातळ राहणारा धातू) आणि ऑप्टिकल फायबर (प्रकाश वाहून नेणारा काचेचा किंवा प्लॅस्टिकचा धागा) यांच्यावरचे एकत्र घेतेय.

प्रश्न : ताई नमस्कार, मी सांगलीला इलेक्ट्रॉनिक्सच्या शेवटच्या वर्षाला आहे. आजोबांना अर्धांगवायूचा झटका येऊन गेला, आता फिजिओथेरपी चालू आहे, आणि बोटं रोज किती वळतात ते मोजणारा हातमोजा आम्हाला प्रोजेक्ट म्हणून करायचाय. गाईड सर म्हणतात ऑप्टिकल फायबर घ्या, मित्र म्हणतो लिक्विड मेटल. काय घेऊ?

उत्तर : आजोबांसाठी करतोयस हे वाचून फार बरं वाटलं, म्हणून जरा लांबण लावतेय, वाच नीट.

लिक्विड मेटल म्हणजे तुझ्या कामापुरतं गॅलियम आणि इंडियमचं मिश्रण, वजनाने साधारण ७५ टक्के गॅलियम आणि २५ टक्के इंडियम. नुसतं गॅलियम २९.७६ अंशाला वितळतं पण इंडियम मिसळलं की हे १५-१६ अंशालाच पातळ होतं. ते सिलिकॉन रबरच्या बारीक नळीत सिरिंजने भरायचं आणि दोन्ही टोकांना तारा खोचायच्या, बस. नळी ताणली की आतला धातू लांबतो आणि तेवढाच बारीकही होतो, कारण आकारमान काही बदलत नाही, त्यामुळे रेझिस्टन्स, म्हणजे विजेला होणारा अडथळा, लांबीच्या वर्गाच्या प्रमाणात चढतो. २५ टक्के ताण दिलास तर दीडपटीच्या थोडा वर, दुप्पट ताणलीस तर चौपट, आणि सोडलीस की परत मूळ जागी. कल्पना जुनी आहे बरं का, १९५३ मध्ये व्हिटनी या संशोधकांनी पारा भरलेली रबरी नळी हातापायाभोवती गुंडाळून रक्त आत आलं की अवयव किती फुगतो ते मोजलं होतं. गॅलियममुळे तेच काम पाऱ्याशिवाय करता येतं.

आता अडचण कुठे येते ते सांगते कारण मुलं इथेच अडकतात. २० सेंटिमीटर लांब आणि आतून ०.३ मिलिमीटर व्यासाची नळी घेतलीस तर रेझिस्टन्स येतो जेमतेम ०.८ ओहम. साध्या मल्टिमीटरच्या वायरी आणि जोड यांचाच रेझिस्टन्स त्याच्या आसपास जातो, मग आकडे नाचायला लागतात आणि सगळे म्हणतात सेन्सर खराब. सेन्सर चांगला असतो, मोजायची पद्धत चुकलेली असते. चार तारांची पद्धत वापर, दोन तारांतून ठरलेला करंट सोडायचा, दुसऱ्या दोन तारांवर व्होल्टेज मोजायचं, ते अ‍ॅम्प्लिफायरमधून मायक्रोकंट्रोलरला द्यायचं. भरताना हवेचा बुडबुडा राहू देऊ नकोस, एका बुडबुड्याने सर्किट तुटतं. हवा लागली की दुधावर साय धरते तशी या धातूवर ऑक्साईडची अगदी पातळ कातडी धरते, ती दिसली तर घाबरू नको, तिच्यामुळेच तो बारीक नळीत आकार धरून राहतो. अ‍ॅल्युमिनियमजवळ मात्र अजिबात नेऊ नको, गॅलियम त्याच्या कणाकणांमध्ये शिरतं आणि चांगला भक्कम तुकडा हाताने मोडेल इतका ठिसूळ होतो.

गाईड सरही चुकीचं सांगत नाहीयेत. पण काचेचा फायबर व्यवहारात साधारण १ टक्क्याच्या पुढे ताणायचा नसतो आणि बोटाच्या पेरावरची कातडी त्याच्या कितीतरी पट ताणली जाते. शिवाय ब्रॅग ग्रेटिंगवाला, म्हणजे ठरावीक रंगाचा प्रकाश परतवणाऱ्या बारीक खुणा आत कोरलेला, फायबर वाचायचं जे यंत्र लागतं ते लाखांत जातं. सरांच्या मनात कदाचित प्लॅस्टिकचा फायबर असेल, एका टोकाला एलईडी, दुसऱ्या टोकाला प्रकाश मोजणारा फोटोडायोड, वळला की प्रकाश गळतो आणि पलीकडे कमी पोचतो. १९८० च्या दशकात व्हीपीएल कंपनीचा डेटाग्लव्ह हा हातमोजा याच तत्त्वावर चालायचा. स्वस्त आहे, होतो.

माझं मत विचारशील तर चार बोटांना लिक्विड मेटल लाव आणि एका बोटाला प्लॅस्टिक फायबर, म्हणजे तुलनाही होईल. प्रत्येक बोट कोनमापकाशी पडताळून घे, आणि हातमोजा घालताना आजोबांच्या कमजोर हाताला खेच बसत नाही ना हे फिजिओथेरपिस्टला आधी दाखव.

प्रश्न : पारा नसलेला थर्मामीटर आणला पण आत चांदीसारखंच काहीतरी चमकतंय. फसवलं का? घरात लहान मूल आहे. (ठाण्याहून एक आई)

उत्तर : फसवलं नाही हो. बहुतेक ते गॅलिन्स्टन असणार, गॅलियम, इंडियम आणि कथील. उत्पादकांच्या मते ते उणे १९ अंशापर्यंत पातळ राहतं. पाऱ्याचा वापर कमी करायच्या आंतरराष्ट्रीय मिनामाता करारानंतर पाऱ्याचे थर्मामीटर बंद करायचं ठरलं, भारताने तो २०१८ ला स्वीकारला, त्यामुळे असे पर्याय आता दिसतात. पाऱ्याची वाफ खोलीच्या तापमानालाही होते आणि खरा धोका तीच असते, गॅलियमची वाफ जवळजवळ होतच नाही. फुटलंच तर ओळखायची खूण अशी की पाऱ्याचे गोळे टुणटुण पळतात आणि हे फरशीला, बोटाला चिकटून पसरतं. काचा सांभाळून हातमोजे घालून टिश्यूने पुसा, मग साबणाचं पाणी फिरवा. मुलाच्या तोंडात जाऊ देऊ नका, काचेची भीती जास्त.

घरात जुना पाऱ्याचा असेल आणि तो फुटला तर झाडू किंवा व्हॅक्यूम अजिबात नाही, खिडक्या उघडा, मुलाला दुसऱ्या खोलीत पाठवा, जाड कागदाने गोळे गोळा करून घट्ट झाकणाच्या बाटलीत ठेवा.

प्रश्न : रेल्वे म्हणे रुळांजवळच्या फायबर केबलवरून हत्ती ओळखते. काचेच्या तारेला हत्ती कसा कळणार? (कोल्हापूरचे निवृत्त शिक्षक)

उत्तर : सर, कळतो, आणि मला ही सगळ्या सेन्सरमधली सर्वात सुंदर गोष्ट वाटते. केबलच्या एका टोकातून लेझरचे झटके सोडतात. काच कितीही शुद्ध असली तरी तिच्यात अतिसूक्ष्म असमानता असते, तिच्यामुळे प्रत्येक ठिकाणाहून थोडासा प्रकाश मागे परततो. हत्तीचं पाऊल पडलं की जमीन हलते, केबल किंचित ताणली जाते, आणि त्या जागेहून परतणारा प्रकाश बदलतो. जागा कशी कळते? काचेत प्रकाश सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर जातो, म्हणजे १ किलोमीटरवरून जाऊन परत यायला एका सेकंदाच्या एक लाखाव्या भागाइतका वेळ, वेळ मोजली की अंतर मिळालं. वेगळे सेन्सर पुरायला नकोत, अख्खी केबलच सेन्सर. मग कॉम्प्युटर हत्तीच्या चालीची कंपनं माणसांच्या, गुरांच्या आणि गाड्यांच्या कंपनांतून वेगळी काढतो, अवघड भाग तोच. ईशान्य सीमा रेल्वेने आसाम आणि पश्चिम बंगालमध्ये हे वापरायला घेतलं, २०२३ मध्ये गजराज या नावाने त्याचा विस्तार जाहीर झाला. इशारा स्टेशन आणि कंट्रोल रूमला जातो, तिथून गाडीच्या ड्रायव्हरला, आणि गाडी हळू होते. कळपातलं एक पिल्लू जरी यामुळे वाचलं तरी मला ही केबल फार मोलाची वाटेल.

प्रश्न : ट्रान्सफॉर्मरच्या गुंडाळीचं तापमान फायबरने मोजतात ते कसं? (सबस्टेशनवर काम करणारे वाचक)

उत्तर : फायबरच्या टोकाला गॅलियम आर्सेनाईडचा छोटासा स्फटिक असतो. तो कोणता प्रकाश शोषतो ते तापमानाप्रमाणे सरकतं, दर अंशाला साधारण ०.४ नॅनोमीटर, आणि यंत्र तेच वाचतं. काच वीज वाहून नेत नाही, चुंबकीय क्षेत्राने बिघडत नाही, म्हणून थेट गुंडाळीत ठेवता येते, एमआरआयमध्येही याच कारणाने वापरतात. फक्त हे प्रोब, म्हणजे टोकाला स्फटिक बसवलेले फायबर, गुंडाळी बनतानाच कारखान्यात बसवावे लागतात, तुमच्या चालू ट्रान्सफॉर्मरमध्ये नंतर घालता येणार नाहीत, तेव्हा पुढची ऑर्डर निघेल तेव्हाच कागदावर लिहून घ्या.