स्पर्धा जिंकली एकाने, टॉवर बांधला दुसऱ्याने

प्रश्न: ताई, मी पुण्यातच आर्किटेक्चरच्या शेवटच्या वर्षाला आहे, थीसिसला पानशेत पुराचं स्मारक घेतलंय. केस स्टडी म्हणून न्यूयॉर्कच्या ग्राउंड झीरोची (२००१ च्या हल्ल्यात वर्ल्ड ट्रेड सेंटरचे जुळे टॉवर्स पडले ती जागा) स्पर्धा वाचायला घेतली तर कळलं की निवडलं आर्किटेक्ट लिबेस्किंडला आणि टॉवर डिझाईन केला भलत्यानेच. मग एवढ्या स्पर्धेचा उपयोग काय? सर म्हणतायत केस स्टडी बदल. बदलू का?
– एक विद्यार्थिनी, सहकारनगर

उत्तर: अजिबात बदलू नकोस! फक्त तिथे दोन वेगळ्या निवडी झाल्यात, त्यांची गल्लत करू नकोस.

पहिली अख्ख्या १६ एकरांच्या प्लॅनची. जुलै २००२ मध्ये सहा आराखडे लोकांना दाखवले, चार-साडेचार हजार माणसं एका मोठ्या हॉलमध्ये टेबलांभोवती बसून बोलली आणि सहाही आराखडे नापसंत झाले, कारण डिझायनर्सना आधीच सांगून ठेवलं होतं की गेलेली ऑफिसची जागा, म्हणजे सुमारे एक कोटी चौरस फूट, परत बसवा. मग डिझायनर कितीही हुशार असू दे, करणार काय? त्यानंतर नव्याने टीम्स बोलावल्या आणि फेब्रुवारी २००३ मध्ये डॅनियल लिबेस्किंडचा प्लॅन निवडला. पण जमीन पोर्ट अथॉरिटी या सरकारी संस्थेची, टॉवर्सचा भाडेपट्टा बिल्डर लॅरी सिल्व्हरस्टीन यांच्याकडे, आणि त्यांचे आर्किटेक्ट डेव्हिड चाइल्ड्स. लिबेस्किंडचा १,७७६ फूट उंचीचा आकडा राहिला, कारण ते अमेरिकेच्या स्वातंत्र्याचं साल, टॉवर मात्र चाइल्ड्सचा झाला. ज्याच्या हातात जागा आणि पैसा, तो निकालाला बांधील नसेल तर असंच होणार, हे तुझ्या रिपोर्टमध्ये ठळक यायला हवं.

दुसरी स्पर्धा स्मारकाची, २००३ ची, आणि ती मला मनापासून आवडते. कुणालाही भाग घेता येत होता, नावं झाकलेली, ६३ देशांतून ५,२०१ एन्ट्रीज. ज्युरीत माया लिन होत्या, ज्यांनी स्वतः २१ व्या वर्षी, विद्यार्थिनी असताना, वॉशिंग्टनच्या व्हिएतनाम स्मारकाची स्पर्धा जिंकली होती. इथे जिंकला मायकल अराड, तेव्हा ३४ वर्षांचा, शहराच्या हाउसिंग खात्यात नोकरीला, फारसं कुणाला माहीत नसलेलं नाव. आणि ब्रीफ, म्हणजे स्मारकात काय काय हवं त्याची लेखी मागणी, बघ किती नेमका होता: २००१ चे आणि तिथल्याच १९९३ च्या बॉम्बस्फोटातलेही सगळे मृत, प्रत्येकाची नोंद हवी, आणि दोन्ही टॉवर्सचे ठसे जमिनीवर दिसले पाहिजेत. म्हणूनच ते दोन पाण्याचे चौकोन बरोब्बर टॉवर्सच्या जागी आहेत. बदल इथेही झाले, लँडस्केप आर्किटेक्ट पीटर वॉकर यांची झाडं आली, मृतांची नावं आधी कशीही पसरलेली होती ती नातलगांच्या सांगण्यावरून लावली, म्हणजे एकत्र काम करणारे, मित्र, घरचे शेजारी शेजारी. पण मूळ गाभा टिकला आणि २०११ मध्ये स्मारक उघडलं.

आता तुझं पानशेत. १२ जुलै १९६१ ला धरण फुटलं, मग खडकवासलाही, आणि नदीकाठच्या पेठांत पाणी घुसलं. म्हणजे कुंपण घालून दाखवता येईल अशी एकच साईट नाहीये, घरं गेली ती पेठांत आणि माणसं पुन्हा वसली गोखलेनगर, तुमच्या सहकारनगर अशा भागांत. त्यामुळे शीटवर पहिल्यांदा फॉर्म, म्हणजे स्मारकाचा आकार, काढूच नकोस. आधी ब्रीफ लिही. नावं येणार का, कुणी गोळा करायची, नदीकाठी बांधायचं तर पूररेषेचं काय, जागा कुणाच्या ताब्यात. आणि ज्यांनी पाणी बघितलंय ती माणसं आता सत्तरीच्या पुढची आहेत गं, त्यांच्याशी बोलायचं काम सबमिशनच्या शेवटच्या महिन्यावर ढकलू नकोस, या रविवारपासूनच तुमच्याच सोसायटीत विचारायला सुरुवात कर.


सरांना हा ब्रीफ लिहून दाखव, केस स्टडी का घेतली ते त्यांना त्यातूनच कळेल.