अहवालात काय जाते?

न्यायालयाने प्रोबेशनवर (तुरुंगाऐवजी देखरेखीखाली) सोडताना समुपदेशनाची अट घातलेली माणसे माझ्याकडे येतात, तेव्हा पहिल्या काही भेटींत एकच शंका या ना त्या रूपात पुढे येते : इथे बोललेले उद्या आपल्यावरच उलटले तर?

नागपूरच्या धंतोलीतल्या माझ्या खोलीत असाच एक तरुण येत असे. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) दारूच्या नशेत मारहाण केल्याबद्दल तो दोषी ठरला होता आणि अपराधी परिवीक्षा अधिनियम, १९५८ च्या कलम ४ खाली चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर सुटला होता. पाच भेटी तो कूलरच्या घरघरीत बसून "हो मॅडम" एवढेच म्हणाला. अशा मौनावर 'असहकार' असा शेरा मारण्याची आपल्याकडे फार घाई असते. माणसाला आधी सुरक्षित वाटले पाहिजे, तंत्रे नंतर, या मताची मी असल्याने थांबले. आणि सहाव्या भेटीत लक्षात आले की त्याची नजर माझ्या पेनावर आहे. मी टोपण लावून पेन बाजूला ठेवले.

"हे सारं साहेबाले सांगता का तुमी?"

साहेब म्हणजे परिवीक्षा (प्रोबेशन) अधिकारी. मी सांगितले की त्यांना पाठवायच्या अहवालात हजेरी, दारूची स्थिती आणि प्रगतीच्या चार ओळी एवढेच कळवते. मात्र कोणाच्या जिवाला धोका असेल, बालकावरील लैंगिक अत्याचार कळला (पॉक्सो या बालसंरक्षण कायद्याच्या कलम १९ नुसार तो कळवावाच लागतो) किंवा न्यायालयाने आदेश दिला, तर मला गप्प राहता येणार नाही. वकिलाला असते तसे कायद्याचे कवच समुपदेशकाला नाही.

संविधानाचा अनुच्छेद २०(३) आरोपीला स्वतःविरुद्ध साक्षीदार होण्याची सक्ती करू देत नाही. पण सारा भर 'सक्ती'वर आहे, आपणहून बोललेल्यावर नाही. अमेरिकेत मिनेसोटातल्या मर्फी नावाच्या माणसाने प्रोबेशनवर असताना समुपदेशकाला जुन्या खुनाची कबुली दिली, ती अधिकाऱ्यापर्यंत पोहोचली, आणि अधिकाऱ्यासमोर 'उत्तर देणार नाही' असे न म्हणता त्याने तीच कबुली पुन्हा दिल्याने ही दुसरी कबुली पुरावा म्हणून १९८४ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ग्राह्य धरली. म्हणून नोंद न झालेल्या जुन्या गुन्ह्याविषयी तोंड उघडण्याआधी वकिलाला विचारावे, असे मी प्रत्येकाला सांगते. हात का उठला हे समजून घ्यायला गल्लीचे नाव आणि तारीख लागत नाही.

तो बराच वेळ चपलेच्या अंगठ्याशी चाळा करत राहिला.

"हात उठते ना मॅडम, त्याच्या आधी मले राग नाही येत. भेव वाटते."

पाच भेटींत जे हाती लागले नव्हते ते या एका शब्दात होते, आणि आमचे पुढचे सगळे काम त्या भीतीवरच झाले.

पाठवण्याआधी अहवाल मी त्या व्यक्तीला वाचायला देते. ओळींखाली बोट फिरवत त्याने तो वाचला आणि हजेरीच्या आकड्यापाशी थांबला.

"चौदा नाही मॅडम, तेरा. एक डाव पाण्यानं राहिलो होतो."