झुलन गोस्वामीची कारकीर्द थोडक्यात सांगाल का?

पश्चिम बंगालच्या चकदहाची ही मुलगी पहाटेची लोकल पकडून कोलकात्याला सरावाला जायची. 2002 ला भारताकडून पदार्पण, 2022 ला लॉर्ड्सवर निरोप. एकदिवसीय सामन्यांत 255 बळी, हा महिला क्रिकेटमधला विक्रम. मला मात्र 2006 ची टाँटन कसोटी जास्त मोठी वाटते: दोन्ही डावांत पाच-पाच, एकूण 78 धावांत 10 बळी, आणि इंग्लंडमध्ये भारताचा मालिकाविजय. एवढी गोलंदाज, पण वीस वर्षांत कसोट्या जेमतेम 12! सामनेच ठेवले नाहीत, तर ती काय करणार? 2007 मध्ये आयसीसीची सर्वोत्तम महिला क्रिकेटपटू ठरली. विश्वचषक तेवढा हुकला. 2005 आणि 2017, दोन्ही अंतिम सामने हरलो. 2017 ला तर तिने 23 धावांत 3 बळी घेतले होते.