न्यूझीलंडमधल्या वैतांगी करारात तिथल्या मूळ रहिवासी माओरींनी आपलं सार्वभौमत्व ब्रिटिशांना देऊन टाकलं होतं का?

नाही, निदान ज्या मजकुरावर बहुतेक माओरी प्रमुखांनी सह्या केल्या, त्यात तरी तसं लिहिलेलं नाही. ६ फेब्रुवारी १८४० पासून सह्या सुरू झालेल्या या कराराचे दोन मसुदे आहेत. इंग्रजीत ब्रिटनच्या राणीला 'सार्वभौमत्व' दिल्याचं म्हटलंय. माओरीत मात्र 'कावानातांगा', म्हणजे गव्हर्नरचा कारभार, एवढंच दिलंय. उलट जमिनी, गावं आणि आपल्या मौल्यवान ठेव्यावरचं 'रांगातिरातांगा', म्हणजे प्रमुखांचा पूर्ण अधिकार, माओरींकडेच राहील अशी हमी आहे. सही करणारे पाचशेहून अधिक, त्यातले इंग्रजी प्रतीवर फक्त ३९! भाषांतर मिशनरी हेन्री विल्यम्स यांनी केलं. माओरी प्रमुखांच्या १८३५ च्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचं माओरी भाषांतरही त्यांचंच, आणि तिथे सार्वभौम सत्तेसाठी 'माना' व 'किंगितांगा' हे शब्द वापरले होते. पाच वर्षांनी, नेमके सत्ता सोडण्याच्या वेळी, ते गायब झाले. मला हा पुरावा सगळ्यात वजनदार वाटतो, कारण 'योग्य शब्दच नव्हता' ही सबब इथे चालत नाही.

करारभंगाबद्दलच्या माओरींच्या तक्रारी तपासण्यासाठी १९७५ च्या कायद्याने स्थापन झालेल्या वैतांगी न्यायाधिकरणानेही २०१४ मध्ये हाच निष्कर्ष काढला. पण तो उत्तरेकडच्या, फेब्रुवारी १८४० मध्ये सह्या केलेल्या प्रमुखांपुरता आहे. शिवाय न्यायाधिकरणाच्या बहुतेक शिफारशी सरकारवर बंधनकारक नसतात, आणि न्यूझीलंडमध्ये सार्वभौम सत्ता सरकारचीच, ही सरकारची भूमिका त्या निष्कर्षानंतरही बदललेली नाही.